झ्यानचा ग्रंथ आणि चौथी मिती
(गणिताच्या इतिहासावरील परिषदेतील अध्यक्षीय भाषण)

‘झ्यानचा ग्रंथ’ जगासमोर आला तो १८८८ साली, हेलेना ब्लाव्हाट्स्की यांच्या ‘द सिक्रेट डॉक्ट्रिन’ या दोन खंडांतून. पहिल्या खंडात विश्वोत्पत्तीचे सात श्लोकसमूह, दुसऱ्यात मानवोत्पत्तीचे बारा. बाकी सारे त्यांवरचे भाष्य. मूळ पोथी ताडपत्रांची आहे, पाणी, अग्नी वा हवा यांनी तिला बाधा होत नाही आणि तिची भाषा सेन्झार आहे, असे ब्लाव्हाट्स्की सांगतात. पहिल्या पानावर काळ्या पार्श्वभूमीवर शुभ्र वर्तुळ. पुढे त्यात मध्यबिंदू उमटतो, मग आडवा व्यास, मग त्याला छेदणारा उभा व्यास. अशा आकृत्यांतून सृष्टीची घडण उलगडत जाते. कल्पना भव्य आहे, यात शंका नाही. पण ही पोथी कोणत्याही संग्रहात मिळालेली नाही आणि सेन्झार ही भाषा भाषाशास्त्राला ठाऊक नाही. त्यामुळे ग्रंथ काल्पनिकच मानावा लागतो.

ब्लाव्हाट्स्की सहसंस्थापक असलेली थिऑसॉफिकल सोसायटी १८७५ साली न्यूयॉर्कमध्ये स्थापन झाली. १८७९ मध्ये तिचे संस्थापक मुंबईत आले, ‘द थिऑसॉफिस्ट’ हे मासिक त्याच वर्षी मुंबईतून निघू लागले आणि १८८२ च्या अखेरीस कारभार मद्रासजवळ अड्यारला गेला.

याच काळात युरोपात चौथ्या मितीचा बोलबाला होता. गणितात तिची वाट आधीच तयार झाली होती. लुडविग श्लेफ्ली यांनी १८५० च्या सुमारास चार मितींतल्या सहा सुसम आकृत्या शोधल्या होत्या. रीमान यांनी १८५४ च्या ग्योटिंगेनमधील व्याख्यानात कितीही मितींच्या अवकाशाचा विचार मांडला. दोरीची गाठ चौथ्या मितीत टोके न सोडताही सुटते, हे गणिती सत्य. लाइपझिगचे खगोलशास्त्रज्ञ झ्योलनर यांनी त्याचा आधार घेऊन, टोके लाखेने बंद केलेल्या दोरीवर हेन्री स्लेड या माध्यमाकडून गाठी मारवून घेतल्या आणि आत्म्यांचा वास चौथ्या मितीत असल्याचे ठरवले. प्रमेय खरे होते. त्यावर रचलेला निष्कर्ष खरा नव्हता.

गणिती चार्ल्स हिंटन यांची वाट निराळी. त्यांच्या १८८८ च्याच पुस्तकात चार मितींतल्या घनासाठी ‘टेसरॅक्ट’ हे नाव प्रथम आले. चौरसाला चार शिरोबिंदू, घनाला आठ, तर टेसरॅक्टला सोळा. कडांचा हिशेब असा: आधीच्या आकृतीच्या कडा दुप्पट करायच्या आणि तिचे शिरोबिंदू त्यात मिळवायचे. चौरसाच्या चार कडांवरून घनाच्या आठ अधिक चार, म्हणजे बारा. घनावरून टेसरॅक्टच्या चोवीस अधिक आठ, म्हणजे बत्तीस. रंगीत घन हाताळून ही आकृती मनात उभी करण्याचा सराव हिंटन यांनी सुचवला. त्यांच्याही मनात गूढवाद होता, पण हिशेब कोणालाही ताडून पाहता येत होता.

ब्लाव्हाट्स्की यांना स्वतःला ‘चौथी मिती’ ही कल्पनाच मान्य नव्हती, ही गोष्ट फारशी लक्षात घेतली जात नाही. वाढतात ते पदार्थाचे गुण, अवकाशाच्या मिती नव्हेत, असे त्यांचे म्हणणे. पुढे थिऑसॉफिस्ट लेडबीटर यांनी मात्र सूक्ष्मदृष्टी म्हणजे चतुर्मितीय दृष्टी असे सांगून हिंटन यांच्या घनांची शिफारस केली, आणि मग रहस्यविद्या व उच्च भूमिती यांची सांगड लोकांच्या मनात पक्की बसली. भूमितीला त्याने काही मिळाले नाही.

याउलट, प्रत्यक्ष हाती असलेल्या पोथीचे उदाहरण पाहा. पेशावरजवळच्या बख्शाली गावी १८८१ साली भूर्जपत्रांची एक गणिताची पोथी जमिनीतून निघाली. ती आज ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयात आहे. तिच्या काळाविषयी विद्वानांत अजून वाद आहे, आणि तो वाद फलदायी आहे, कारण पाने समोर आहेत: लिपी तपासता येते, शून्याचा ठिपका दाखवता येतो.

प्राचीन ग्रंथाचा हवाला देणाऱ्या प्रत्येकाने पोथी कोठे आहे, तिची पाने किती, ती कोणी पाहिली, हे आपल्या निबंधात आधी लिहावे, अशी या परिषदेतील अभ्यासकांना विनंती आहे.