पाळीव पक्ष्यास औषध पाजताना

पक्ष्यांना माणसासारखे श्वासपटल नसते. छातीचा पिंजरा हलला तरच त्यांचा श्वास चालतो. म्हणून औषध पाजताना पक्षी मऊ फडक्यात सैल धरावा, छाती आवळू नये. श्वासनलिकेचे तोंड जिभेच्या मुळाशीच असते. यास्तव डोके सरळ ठेवून, चोचीच्या डाव्या कडेने उजवीकडे, बिनसुईच्या पिचकारीतून थेंबथेंब औषध सोडावे व गिळण्यास अवधी द्यावा. आजारी पक्षी पाणी कमी पितो. तेव्हा पशुवैद्यकाच्या सल्ल्यावाचून औषध पाण्यात मिसळू नये.

मात्र अनेक पक्षी एकाएकी दगावल्यास घरगुती उपचारांत वेळ दवडू नये. २००६ साली नवापूरच्या कोंबड्यांतील बर्ड फ्लूचे निदान भोपाळच्याच उच्च सुरक्षा पशुरोग प्रयोगशाळेत झाले होते. मृत पक्ष्यांस हात न लावता पशुवैद्यकीय दवाखान्यास तत्काळ कळवावे.