दोन हजार रुपयांची अवज्ञा



न्यायालयाच्या अवमानाची चर्चा आपल्याकडे होते ती बहुधा न्यायमूर्तींवरील टीकेच्या निमित्ताने. त्या फौजदारी अवमानाविषयी विद्वान वकील पुष्कळ बोलतात. मी दिवाणी अवमानाविषयी बोलणार आहे. न्यायालयाचा निकाल वा आदेश बुद्ध्या न पाळणे, किंवा न्यायालयाला दिलेली हमी बुद्ध्या मोडणे, अशी १९७१ च्या कायद्यातील त्याची व्याख्या आहे. खटला जिंकलेल्या माणसाच्या पदरात अखेर काय पडते, हा येथील खरा प्रश्न.

सरकारवरही न्यायालयाचा हुकूम बंधनकारक असतो, हे ठरवणारा एक महत्त्वाचा निर्णय जमीनदारीच्या बाजूने लागला, हे आपण लपवू नये. बिहारच्या जमीनसुधारणा कायद्याविरुद्ध राणी सोनाबती कुमारी न्यायालयात गेल्या. मनाईहुकूम जारी असतानाच सरकारने इस्टेट ताब्यात घेण्याची अधिसूचना काढली. १९६० साली सर्वोच्च न्यायालयाने सरकारला दोषी धरले. जमीनदारी गेलीच पाहिजे असे मानणाऱ्या आपल्यासारख्यांना हे कडू लागते. परंतु हुकूम चुकीचा वाटला तर तो वरच्या न्यायालयातून रद्द करून घ्यावा. तोवर तो पाळावाच लागतो. थकलेल्या वेतनाचा हुकूम हाती घेऊन वणवणणाऱ्या कामगारालाही याच तत्त्वाचा आधार आहे.

मात्र हा आधार किती बळकट? येथे माझ्यातील अर्थशास्त्राचा मास्तर जागा होतो. १९२६ च्या कायद्यात अवमानाचा कमाल दंड दोन हजार रुपये होता. १९५२ साली तो तेवढाच राहिला, १९७१ साली तेवढाच, आणि आजही तेवढाच आहे. १९२६ साली त्या रकमेने छातीत धडकी भरत असे. आज वरिष्ठ अधिकाऱ्याच्या एका दिवसाच्या पगारातही ती भागते. शेकडो माणसांची देणी वर्षभर अडवून ठेवली तर वाचणारे व्याज या दंडाच्या कैक पट होते. मग आदेश न पाळणे हा हिशेबी शहाणपणाच ठरतो!

कैदेची तरतूद आहे, पण दंडाने भागत नाही असे न्यायालयाला वाटले तरच, आणि सहा महिन्यांपर्यंत. शिवाय माफीची वाट मोकळी असते. अयोध्येच्या बांधकामाबाबतची हमी मोडल्याबद्दल कल्याणसिंग यांना १९९४ साली एक दिवसाची कैद आणि तोच दोन हजारांचा दंड झाला. आपल्या राज्यात स्वरूपसिंग नाईक यांनी वनमंत्री असताना न्यायालयाने बंद केलेल्या आरागिरण्यांना परवानगी दिली; २००६ साली त्यांना आणि खात्याच्या प्रधान सचिवांना एक महिन्याची कैद झाली. खुर्चीवरील माणसाला व्यक्तिशः जबाबदार धरल्याची अशी उदाहरणे मोजकीच.

कामगार संघटनांनी म्हणून कलम २० कडे लक्ष द्यावे. अवज्ञा घडल्यापासून एका वर्षाच्या आत अर्ज दाखल झाला पाहिजे. मंत्रालयातून येणाऱ्या ‘प्रकरण विचाराधीन आहे’ अशा पत्रांनी ती मुदत वाढत नाही.