हिमाचे सहा कोन : बर्फाच्या दिवसांतील खेळ आणि कोडी

काश्मीरच्या खोऱ्यात २१ डिसेंबरपासून कडाक्याच्या थंडीचे जे चाळीस दिवस सुरू होतात, त्यांना तेथील लोक 'चिल्लई कलान' असे म्हणतात. त्यामागोमाग वीस दिवसांचा 'चिल्लई खुर्द' आणि शेवटी दहा दिवसांचा 'चिल्लई बच्चा' येतो. थोरला, धाकटा आणि शेंडेफळ अशी ही तीन भावंडे मिळून सत्तर दिवस खोऱ्यावर राज्य करतात. या काळात नळांतील पाणी गोठते, छपरांच्या कडांना बर्फाच्या लांब सुळ्या लोंबू लागतात, आणि घरातील मोठी माणसे फेरनाच्या आत कांगडी घेऊन बसतात. कांगडी म्हणजे वाळुंजाच्या काड्यांनी विणलेल्या टोपलीत बसविलेले निखाऱ्यांचे मातीचे भांडे. शाळांना याच सुमारास दीर्घ सुटी असते. तेव्हा येथे जमलेल्या शिक्षकांपुढे आणि पालकांपुढे दरवर्षी एकच प्रश्न उभा राहतो : इतक्या दिवसांत मुलांनी करावे तरी काय?

या प्रश्नाची दोन उत्तरे सर्वांच्या परिचयाची आहेत. मुलांनी घरात बसून पुढील इयत्तेची पुस्तके वाचावीत, हे पहिले. आणि त्यांनी बाहेर जाऊन मनसोक्त खेळावे, पण आजारी पडू नये, हे दुसरे. दोन्ही उत्तरांत हिमाला बाजूस सारलेले आहे. पहिल्यात ते अडचण म्हणून येते, दुसऱ्यात केवळ गंमत म्हणून. वास्तविक अंगणात पडलेले हिम हे मुलाच्या हाती आलेले फार मोठे कोडे आहे. ते सोडविण्याची सुरुवात खेळातूनच होऊ शकते, हे दाखविणे हा या व्याख्यानाचा हेतू होय.

पहिल्या हिमवर्षावाचे स्वागत करण्याची काश्मीरमधील चाल फार जुनी आहे. सहाव्या ते आठव्या शतकांच्या दरम्यान रचल्या गेलेल्या मानल्या जाणाऱ्या 'नीलमत पुराणा'त नव्या हिमपाताचा उत्सव सांगितलेला आहे. त्या दिवशी हिमालयाची व हेमंत-शिशिर ऋतूंची पूजा करावी, गाणेबजावणे ऐकावे आणि मेजवानी करावी, असे त्यात म्हटले आहे. हिमाला काश्मिरीत 'शीन' म्हणतात, आणि 'नव शीन' पडले की लोक आजही एकमेकांना शुभेच्छा देतात. याच प्रसंगाचा एक खेळ आहे. थोडेसे हिम कागदात किंवा कापडात गुंडाळून, एखादी भेटवस्तू असल्याचा बहाणा करून, ते कोणाच्या तरी हाती द्यावयाचे. ज्याने ते न ओळखता घेतले तो हरला. त्याने जेवण द्यावयाचे. देणाऱ्याची लबाडी वेळीच उघडकीस आली, तर मात्र डाव त्याच्यावरच उलटतो.

हा खेळ वरवर साधा आहे, परंतु त्यातील पुडके हे एक कोडेच असते. आत काय आहे? ते जड आहे की हलके? कापड ओलसर का झाले? देणारा इतक्या घाईत का आहे? पुडके उघडण्यापूर्वी त्यातील वस्तू ओळखावयाची, म्हणजे दिसणाऱ्या खुणांवरून न दिसणाऱ्या गोष्टीचा अंदाज बांधावयाचा. विज्ञानाचे कामही याहून फारसे वेगळे नाही.

पुडक्याच्या खेळानंतर शब्दांची कोडी सहज येतात. काश्मीरमध्ये लोककथांप्रमाणेच कोड्यांचीही समृद्ध परंपरा आहे, आणि ती हिवाळ्यातील लांबलचक रात्रींनी जोपासलेली आहे. मुलांना केवळ जुनी कोडी सोडवावयास देऊन थांबू नये. अवतीभोवतीच्या वस्तूंवर नवी कोडी रचावयास त्यांना सांगावे. कारण कोडे रचण्यासाठी ती वस्तू आधी नीट पाहावी लागते. नमुन्यादाखल तीन येथे देता येतील :

आभाळातून येतो, पाऊल वाजत नाही. तळहातावर बसतो आणि रडत रडत नाहीसा होतो.

छपराला धरून उलटा लोंबतो, थंडीत वाढतो. ऊन दिसताच त्याला घाम फुटतो.

पोटात आग, अंगावर टोपली. हिवाळ्यात कुशीत, उन्हाळ्यात कोनाड्यात.

पहिल्याचे उत्तर हिमकण, दुसऱ्याचे छपराला लोंबणारी बर्फाची सुळी आणि तिसऱ्याचे कांगडी. या सुळीला काश्मिरीत 'शिशरगांठ' असे सुंदर नाव आहे. शिशिर ऋतूने मारलेली ही गाठ भारतातील कोणत्याही भाषेच्या वाचकाला ओळखीची वाटेल.

आता खऱ्या हिमकणाकडे वळू. या खेळाला एक काळे लोकरी कापड व एक साधे भिंग एवढेच साहित्य लागते. कापड आधी अर्धा तास बाहेर ठेवून गार करावे, नाहीतर त्यावर पडलेला कण पाहता पाहता वितळून जातो. पाहताना श्वास जरा रोखून धरावा. श्रीनगरमध्ये पुष्कळदा हवेचे तापमान शून्य अंशाच्या आसपास असते, आणि कण एकमेकांना चिकटून त्यांचे पुंजके झालेले असतात. त्यामुळे पहिल्याच प्रयत्नात यश येईल असे नाही. अधिक थंडीच्या दिवशी, किंवा गुलमर्गसारख्या उंच ठिकाणी, एखादी चांदणी अखंड सापडते. तिला पाकळ्या किती, हे मुलाने मोजावे. सहा. दुसरीला किती? सहा. आकार नाना परींचे. कोणी पिसासारखा, कोणी चकतीसारखा. संख्या मात्र बदलत नाही. पाच का नाही? सात का नाही?

नेमका हाच प्रश्न प्राग शहरात योहानेस केप्लर यास पडला होता. ग्रहांच्या गतीचे नियम शोधणारा हा थोर ज्योतिर्विद नववर्षानिमित्त आपल्या एका आश्रयदात्याला काय भेट द्यावी, या विवंचनेत पुलावरून चालला असता त्याच्या अंगरख्यावर हिमकण पडले. जवळजवळ काहीच नसलेली ही वस्तू त्याला भेटीसाठी योग्य वाटली, आणि १६११ मध्ये षट्कोनी हिमकणाविषयीची त्याची छोटीशी पुस्तिका प्रसिद्ध झाली. तिच्यात थट्टामस्करी आहे, मधमाश्यांच्या पोळ्याचा व डाळिंबाच्या दाण्यांचा विचार आहे, आणि गोळे रचण्याचे गणितही आहे.

ते गणित मुलांना जेवणाच्या पाटावर करता येते. एक रुपयाचे नाणे मध्ये ठेवावे. त्याला टेकतील अशी तशीच नाणी भोवती मांडावीत. किती मावतील? आधी अंदाज सांगावा, मग मांडून पाहावे. बरोबर सहाच मावतात. सातव्याला जागा नसते आणि सहांमध्ये फटही राहत नाही. यानंतर सारख्या आकाराची सफरचंदे घ्यावीत. सोपोरच्या बागांतील फळे हिवाळ्यात घरोघरी साठविलेली असतातच. फळवाल्यासारखी रास रचावी आणि विचारावे, की राशीच्या आतील एका सफरचंदाला किती सफरचंदे टेकतात? सभोवती सहा, खाली तीन आणि वर तीन, म्हणजे एकूण बारा. गोळे याहून दाट रचता येणार नाहीत, असे केप्लरने म्हटले. फळवाल्याला जे हाताने कळते ते गणिताने सिद्ध करावयास जवळजवळ चारशे वर्षे लागली. टॉमस हेल्स या गणितज्ञाने १९९८ मध्ये त्याची सिद्धता जाहीर केली, आणि संगणकाच्या साहाय्याने तिची संपूर्ण तपासणी २०१४ मध्ये पुरी झाली.

केप्लरला हिमाचे कोडे मात्र सुटले नाही, आणि त्याने ते मोकळेपणाने कबूल करून पुढच्यांवर सोपविले. बाहेरच्या आकाराचे मूळ आतील सूक्ष्म मांडणीत असावे, हा त्याचा अंदाज योग्य दिशेचा होता. बर्फात पाण्याचे रेणू सहा-सहांच्या कड्यांत बांधलेले असतात, हे पुढे विसाव्या शतकात उलगडले. परंतु ते नाण्यांसारखे दाटीने बसत नाहीत. त्यांच्यामध्ये पोकळी राहते. म्हणून बर्फ पाण्याहून हलका असतो आणि तरंगतो. दल सरोवर वरून गोठते व खाली पाणी राहते, ते याचमुळे; आणि म्हणूनच त्यातील मासे हिवाळा काढू शकतात. काळ्या कापडावरची चांदणी आणि सरोवरातला मासा यांच्यामध्ये असा धागा आहे, हे मुलाला कळले तर त्या दिवसाचे सार्थक झाले असे म्हणावयास हरकत नाही.

ज्याने पुढे या कामाला आयुष्य वाहिले तो मुळात शेतकऱ्याचा मुलगाच होता. अमेरिकेतील व्हर्माँट राज्यात जेरिको या गावी राहणाऱ्या विल्सन बेंटलीला आईने एक जुने सूक्ष्मदर्शक यंत्र दिले. त्याला कॅमेरा जोडून १५ जानेवारी १८८५ रोजी, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, त्याने हिमस्फटिकाचे पहिले छायाचित्र घेतले. १९३१ मध्ये मृत्यू येईपर्यंत त्याने अशी पाच हजारांहून अधिक छायाचित्रे जमविली. त्यानंतर १९३६ मध्ये जपानमधील होक्काइदो येथे नाकाया उकिचिरो यांनी सशाच्या केसावर प्रयोगशाळेत हिमस्फटिक वाढवून दाखविला. तापमान व आर्द्रता यांप्रमाणे कणाचा आकार बदलतो, हे त्यांच्या प्रयोगांनी स्पष्ट झाले. अंगणात पडलेला कण वरच्या हवेची बातमी घेऊन येतो. ती वाचता येणे हेही एक कोडे सोडविणेच आहे.

हिम पडून गेल्यावर ऊन पडते. तो दिवस दुसऱ्या एका खेळाचा. एकाच मापाचे पांढरे, पिवळे, तांबडे, निळे व काळे असे कापडाचे तुकडे उन्हातील हिमावर पसरावेत आणि दुपारपर्यंत कोणता किती खाली जातो ते पाहावे. हा प्रयोग बेंजामिन फ्रँक्लिनने केला होता, आणि १७६१ मध्ये आपल्या घरमालकिणीच्या मुलीला लिहिलेल्या पत्रात त्याने तो वर्णिलेला आहे. काळा तुकडा सर्वांत खोल गेला. पांढरा जागचा हललाही नाही. काळा रंग उन्हाची उष्णता शोषून घेतो आणि खालचे हिम वितळवितो. मात्र मुलांना एवढ्यावरच सोडू नये. हिमाचलातील लाहौलचे शेतकरी वसंताच्या तोंडी आपल्या पांढऱ्या शेतांवर माती पसरतात. का, असे त्यांना विचारावे. ज्याने सकाळी कापडाचे तुकडे मांडले आहेत तो मुलगा आपणच सांगेल, की हिम लवकर वितळावे आणि पेरणीला उशीर होऊ नये म्हणून.

तिसरा खेळ बरणीचा. काचेची सरळ बरणी ताज्या हिमाने, न दाबता, काठोकाठ भरावी आणि प्रत्येकाने पैज लावून बरणीवर खूण करावी : वितळल्यावर पाणी कुठवर येईल? बहुतेक मुले अर्ध्याच्या आसपास खूण करतात. ताज्या, भुसभुशीत हिमाचे पाणी साधारणतः उंचीच्या दहाव्या हिश्शाएवढेच भरते. ओलसर हिमाचे अधिक. उरलेली सगळी हवा. हीच अडकलेली हवा गोधडीसारखी खालच्या जमिनीचे थंडीपासून रक्षण करते. बरणीच्या तळाशी बसलेला काळसर गाळही मुलांना दाखवावा. मग पडलेले हिम तोंडात घालू नये, हे निराळे सांगावे लागत नाही.

बरणीतील ते बोटभर पाणी पाहताना एक गंभीर गोष्ट सांगता येते. डोंगरावर साठलेले हिम हळूहळू वितळून वसंतात व उन्हाळ्यात झेलमला मिळते. त्यावर भातशेते आणि फळबागा अवलंबून असतात. २०२४ च्या जानेवारीत गुलमर्गचे उतार महिन्याचा बहुतेक काळ उघडे, तपकिरी राहिले होते. मोठे हिम पडले ते महिन्याच्या अखेरीस आणि त्यानंतर. घसरगाड्या घेऊन आलेली माणसे परत गेली, ही त्यातील लहान गोष्ट. बागाईतदाराची नजर डोंगरावर खिळली होती, ही मोठी. जी मुले दर हिवाळ्याला पहिल्या हिमाची तारीख, त्याची खोली आणि बरणीतील पाणी वहीत टिपून ठेवतील, त्यांच्यापाशी काही वर्षांनी आपल्या अंगणाचा इतिहास जमा झालेला असेल.

सावधगिरीचे चार शब्द आवश्यक आहेत. सरोवर गोठलेले दिसले तरी त्यावर मुलांनी पाऊल ठेवू नये. कडेला जाड असलेला थर मध्ये पातळ असतो. उतरत्या छपराखाली आणि तीव्र चढाच्या पायथ्याशी खेळू नये, कारण साचलेले हिम एकदम घसरते. हातमोजे भिजले की घरात यावे. आणि कांगडी किंवा शेगडी पेटलेली असताना खोलीची दारे-खिडक्या पूर्ण बंद करून झोपू नये. कोळशाच्या विषारी वायूला वास नसतो.

ज्या मुलाने हिम कधी पाहिलेलेच नाही त्यालाही या खेळांतील पुष्कळसे करता येते. नाणी सर्वत्र आहेत, फळांच्या राशी प्रत्येक बाजारात आहेत, आणि पेल्यात तरंगणारा बर्फाचा खडा दल सरोवराचेच कोडे घालतो.

शिक्षकांनी मात्र एक पथ्य पाळावे. उत्तर लगेच सांगू नये. एकाच कणाच्या सहाही भुजा एकमेकींना न पाहता सारख्याच कशा वाढतात, असे एखादी मुलगी विचारील. सहाही भुजा एकाच हवेतून, एकाच वेळी खाली येतात, एवढे तिला सांगता येईल. मग तिने भिंग पुन्हा हाती घ्यावे. भुजा अगदी तंतोतंत सारख्या क्वचितच असतात, हे तिला स्वतःलाच दिसेल, आणि तिचा पुढचा प्रश्न आणखी अवघड असेल. तो वहीत लिहून ठेवावा व त्यापुढे 'अजून सुटले नाही' असे लिहावे. केप्लरच्या पुस्तिकेचा शेवटही साधारण असाच आहे.