काळ वाटून देणारी चक्रे



शताब्दीच्या व्यासपीठावरून एका इंग्रज विनोदी कादंबरीकाराने रचलेल्या जादूच्या दुनियेविषयी कोणी बोलावे, याचे काहींना नवल वाटेल. परंतु गंभीर ग्रंथ ज्या गोष्टीकडे सहसा वळत नाहीत ती टेरी प्रॅचेट (१९४८–२०१५) यांनी हसत हसत सांगितली आहे. आणि तिचा संबंध आपल्या भिंतीवरच्या घड्याळाशी आहे.

प्रॅचेट यांचे ‘डिस्कवर्ल्ड’ हे थाळीसारखे सपाट जग. ते चार हत्तींच्या पाठीवर आहे आणि ते हत्ती एका प्रचंड कासवाच्या पाठीवर उभे आहेत. दिग्गज आणि कूर्म यांच्या कथा ऐकत वाढलेल्या आपल्यासारख्यांना या जगात शिरताना अडचण पडू नये. १९८३ पासून प्रसिद्ध झालेल्या या मालेत एक्केचाळीस कादंबऱ्या आहेत. त्यांतील २००१ सालची ‘थीफ ऑफ टाइम’ हा माझा आजचा विषय आहे.

या जगात, उंच डोंगरातल्या एका मठात, इतिहासाचा सांभाळ करणारे भिक्षू राहतात. मठाच्या दालनांत फिरत्या दंडगोलांच्या रांगाच रांगा आहेत. लेखकाने त्यांना ‘प्रोक्रॅस्टिनेटर’, म्हणजे दिरंगाई करणारे, असे थट्टेचे नाव दिले आहे. तिबेटी प्रार्थनाचक्रांची आठवण करून देणारे हे दंडगोल प्रार्थनेसाठी मात्र नाहीत. चातीवर सूत गुंडाळावे तसा त्यांच्यावर काळ गुंडाळता येतो आणि पुन्हा उलगडताही येतो. खोल समुद्रातल्या माशाला तास काय आणि दिवस काय; तेथला काळ काढून घ्यायचा आणि गजबजलेल्या शहराला, जेथे तो कधीच पुरत नाही, तेथे पोहोचवायचा. असा हा जमाखर्च अहोरात्र चालतो. एका प्रसंगी चक्रांचा तोल सुटतो, एकामागून एक चक्रे बेभान होतात, आणि एक नवशिका मुलगा केवळ अंतःस्फूर्तीने त्यांना ताळ्यावर आणतो. कादंबरीतले ते प्रकरण मला फार आवडते. यंत्रशाळेत आयुष्य घालवलेल्या एखाद्या मिस्त्रीने ते वाचले तर तो मान डोलावील.

याच्या अगदी उलट दुसरे यंत्र त्याच कादंबरीत आहे. विश्वाचा हिशेब ठेवणारे काही अशरीरी लेखापरीक्षक आहेत. सजीवांचा गोंधळ त्यांना मुळीच खपत नाही. ते एका कुशल घड्याळजीकडून काचेचे एक निर्दोष घड्याळ करवून घेतात. विश्वाचा लहानात लहान क्षणही ते अचूक मोजणार. ते घड्याळ चालू झाले की काळ जागच्या जागी थांबणार! असे एक घड्याळ पूर्वी एकदा चालू झाले होते, काळाचे तुकडे झाले होते आणि भिक्षूंनी ते सांधून घेतले होते. या जगात निरनिराळ्या शतकांच्या चालीरीती शेजारी शेजारी नांदतात, त्याचे कारण हे ठिगळकाम. आपल्याच मालेतील विसंगतींची लेखकाने अशी सोय लावून घेतली, ही त्याची हुशारी.

मला यातले मर्म असे दिसते, की सर्वांची एक वेळ ही कोठे सापडत नाही. ती वाटून द्यावी लागते, आणि वाटताना कोणाचे तरी काहीतरी काढून घेतले जाते. भिक्षू निदान हे विचारतात, की कोणाला त्याची गरज नाही. लेखापरीक्षकांना तो प्रश्नच सुचत नाही.

आपल्या माळव्यात हा विषय परका नाही. प्राचीन ज्योतिषांनी रेखांशाची मध्यरेषा उज्जयिनीवरून मानली. परंतु पंचांगकर्ता प्रत्येक गावासाठी देशांतराचा संस्कार करीतच असे. मध्यरेषा एक, तरी गावोगावचा सूर्योदय वेगळाच. लग्नघरी सूर्याचे अर्धे बिंब वर आले की पाण्यात छिद्राचे घटिकापात्र सोडीत. ते चोवीस मिनिटांनी बुडे. त्या घटिका त्या गावाच्याच असत.

पुढे रेल्वे आणि तारयंत्र आले, आणि गावोगावच्या वेळा चालेनात. १ जानेवारी १९०६ पासून ८२ अंश ३० कला या रेखांशावरची वेळ हिंदुस्थानची प्रमाणवेळ ठरली. सोय मोठी होती, हे नाकारण्यात अर्थ नाही. आपल्या इंदुरात तिच्यामुळे घड्याळ सूर्याच्या सुमारे सत्तावीस मिनिटे पुढे गेले. मुंबईत हा फरक एकोणचाळीस मिनिटांचा होता. ज्यांच्या हाती स्वतःची वेळ होती त्यांना तो जाणवला नसेल. गिरणीच्या भोंग्यावर उठणाऱ्याला मात्र ऐन जानेवारीत तेवढी झोप गमवावी लागली. त्याच महिन्यात तेथल्या एका गिरणीतील कामगारांनी या बदलाविरुद्ध उठाव केला. ही एकोणचाळीस मिनिटे कोणाच्या खात्यातून निघाली, याची नोंद सरकारी ठरावात कशी सापडणार? महापालिकेनेही नव्या वेळेला विरोध केला, आणि चार दशकांहून अधिक काळ तिची घड्याळे मुंबईची जुनीच वेळ दाखवीत राहिली. त्यामुळे एकाच शहरात दोन वेळा नांदत होत्या. सभेचे निमंत्रण आले की आधी विचारावे लागे, कोणत्या वेळेप्रमाणे?