छत्रातली मध्यरात्रीची घंटा

तमिळनाडूतल्या कुंभकोणमपासून थोड्याच अंतरावर इन्नंबूर नावाचं गाव आहे. भाताची खाचरं आणि एळुत्तरिनाथाचं जुनं शिवमंदिर. तमिळमध्ये एळुत्तु म्हणजे अक्षर. अक्षर जाणणारा असा हा देव, म्हणून लोक लहान मुलांना अक्षरओळखीसाठी त्याच्या पायाशी आणतात. देवळाची कथा मात्र हिशेबाची आहे. चोळ राजाने इथल्या सुदन्मा नावाच्या हिशेबनिसाकडे जमाखर्च मागितला, तो राजाला पटला नाही आणि हिशेबनीस भेदरून गेला. तेव्हा शंकराने त्याचं रूप घेतलं आणि राजाला सगळा हिशेब समजावून दिला.

गरिबांसाठीच्या प्रत्येक योजनेत हाच प्रश्न असतो : हिशेब कुणी द्यायचा? देणाऱ्याने की घेणाऱ्याने?

इन्नंबूरचा हा सगळा मुलूख एकेकाळी तंजावरच्या भोसल्यांचा. 1799 मध्ये दुसऱ्या सरफोजी राजांना इंग्रजांशी तह करून राज्यकारभार सोडावा लागला. राज्य गेलं, पण छत्रं (वाटसरूंना आसरा आणि जेवण देणाऱ्या धर्मशाळा) आपल्याकडे राहावीत म्हणून राजांनी धडपड केली. रामेश्वरच्या वाटेवर भोसले घराण्याने ठिकठिकाणी ही छत्रं बांधली होती, त्यांतली कित्येक राण्यांच्या नावाची. 1801 मध्ये राजांनी इंग्रज रेसिडेंटला पत्र लिहून छत्रांचा कारभार समजावून सांगितला. ते पत्र प्रत्येक मराठी माणसाने वाचावं असं आहे.

त्यात छत्राचा दिवस डोळ्यांसमोर उभा राहतो. ब्राह्मणापासून परैयापर्यंत, जोगी, जंगम, बैरागी, जो येईल त्याला शिजवलेला भात. ज्याला शिजवलेलं चालत नाही त्याला कोरडा शिधा. हे वाटप मध्यरात्रीपर्यंत चालायचं. मग घंटा वाजायची आणि पुकारा व्हायचा : ज्यांचं जेवण राहिलं असेल त्यांनी यावं. आजाऱ्याला वैद्य, औषध आणि पथ्याचं खाणं. तान्ह्याला दूध. बाळंतिणीला तीन महिने राहण्याची मुभा. वाटेत अनाथ झालेली मुलं छत्राच्या पंतोजींकडे सोपवली जात, त्यांना तीन वेळा जेवण आणि चार दिवसांनी एकदा तेलाची अंघोळ. ज्या विद्येची आवड असेल ती शिकवायची आणि पुढे लग्नाचा खर्चही छत्राने करायचा.

चार दिवसांनी एकदा तेल! हा तपशील कुणा कारकुनाला सुचणारा नाही. ज्याने पोरकं पोर जवळून पाहिलंय त्यालाच तो सुचतो.

या पत्रानंतर 33 वर्षांनी, 1834 मध्ये, इंग्लंडने गरिबांसाठी नवा कायदा केला. मदत हवी असेल तर वर्कहाउसात या, असा त्याचा रोख होता. तिथे नवरा एका भागात, बायको दुसऱ्या, मुलं तिसऱ्या. बाहेरच्या सर्वांत गरीब मजुराच्या जगण्याहूनही आतलं जगणं कष्टाचं असावं, हे धोरणच होतं, म्हणजे अगदीच निरुपाय झालेला माणूसच दार ठोठावेल. तिथे भुकेला माणूस आरोपीसारखा उभा राहायचा. इंग्लंडला यातून बाहेर पडायला सुमारे शंभर वर्षं लागली. तिकडे फिनलंडमध्ये 1948 पासून शाळेतल्या प्रत्येक मुलाला गरम जेवण मिळतं, बापाचा पगार न विचारता.

छत्रांचं कौतुक करताना एक गोष्ट लपवून चालणार नाही. छत्र वाटसरूला जेवू घालत होतं, पण शेतात राबणाऱ्या पण्णैयाळाची (बांधील शेतमजुराची) मजुरी त्याने वाढवली नाही. याच जुन्या तंजावर जिल्ह्यात, कीळवेण्मणीला, 25 डिसेंबर 1968 च्या रात्री 44 दलित माणसं झोपडीत जाळली गेली. मागणी होती मजुरीच्या भातात थोड्या वाढीची. अन्नदान मजुरीची जागा घेऊ शकत नाही.

आता कुंभकोणमकडे वळू. सिलोनमध्ये वडील वारल्यावर एक विधवा आई मुलांना घेऊन या भागात आली. धाकटा मुलगा कुंभकोणमच्या आनैयडी शाळेत जाऊ लागला. घरात अन्न नाही, म्हणून शाळा सुटली आणि पोरगं नाटक कंपनीत गेलं. हेच पुढे तमिळनाडूचे मुख्यमंत्री झालेले एम. जी. रामचंद्रन. शेजारणीने दिलेल्या पेजेवर आपण जगलो, हे त्यांनी जाहीरपणे सांगितलं होतं. आधीचे मुख्यमंत्री कामराज यांनी 1956 मध्ये सुरू केलेली शाळेतल्या दुपारच्या जेवणाची योजना त्यांनी 1 जुलै 1982 पासून फार मोठी केली. खर्चावरून टीका झाली, तरी ते मागे हटले नाहीत. सप्टेंबर 2022 पासून तिथल्या सरकारी प्राथमिक शाळांत सकाळची न्याहारीही सुरू झाली : उपमा, खिचडी, पोंगल आणि सांबार.

रेशनचंही तसंच. केंद्राने 1997 मध्ये दारिद्र्यरेषेची गाळणी लावली, तमिळनाडूने ती नाकारली. तिथे ज्याला तांदूळ नको तो आपणहून साखरेचं कार्ड घेतो. आपल्याकडे महाराष्ट्रात 1999 पासून पिवळं, केशरी आणि पांढरं कार्ड आलं. पिवळ्यासाठी वर्षाचं उत्पन्न 15 हजारांच्या आत असल्याचा दाखला, म्हणजे तलाठी, तहसील, झेरॉक्स आणि बुडालेला रोज. जिच्याकडे दाखला काढायला वेळ नाही, तीच बाई बहुधा सर्वांत गरीब असते.

मग हिशेब घ्यायचाच नाही का? घ्यायचा, पण देणाऱ्याकडून. 16 जुलै 2004 रोजी कुंभकोणममधल्या एका शाळेत दुपारचं जेवण शिजत असताना स्वयंपाकाच्या जागेला आग लागली, गवती छपराने ती वर्गांपर्यंत नेली आणि 94 मुलं गेली. त्या छपराखाली चूल पेटवू देणाऱ्यांना आधी कुणी हिशेब विचारला नव्हता.

आपल्याही गावातल्या शाळेत आज खिचडी शिजते. या आठवड्यात एकदा तिथे जाऊन या. वर छप्पर कशाचं आहे, चूल वर्गापासून किती लांब आहे, पाणी कुठलं वापरतात आणि शिजवणाऱ्या ताईंचं मानधन कधीपासून थकलंय, हे विचारा.