ताकदीची सुई



आपल्या केडगावात दवाखान्याच्या बाकावर घटकाभर बसले, की एक वाक्य हमखास कानी पडते, "डॉक्टर, ताकदीची सुई द्या." आमच्या चुलतीने ती तीन महिने, दर आठवड्याला घेतली. औषध लाल, म्हणजे रक्त वाढणारच, असा तिचा भरवसा. अखेर तपासणी केली तेव्हा हिमोग्लोबिन ६ निघाले. पाळीत रक्त फार जात होते, कमी होते लोह. आणि सुईत होते बी-१२. खुरपणीची मजुरी गेली ती वेगळीच.

तो लाल रंग बी-१२ चा स्वतःचा आहे. हे जीवनसत्त्व भाजीपाल्यात नसते. दूध, अंडी, मांस-मासळीत असते. ज्यांच्या पोटात ते शोषले जात नाही, किंवा ज्यांना कमतरतेमुळे पायांना मुंग्या येऊन तोल जातो, त्यांना सुई हवीच. इतर पुष्कळांचे गोळीने भागते. मधुमेहासाठी मेटफॉर्मिन वर्षानुवर्षे घेणाऱ्यांनी मात्र बी-१२ तपासून घ्यावे. 'ड' जीवनसत्त्वाची सहा लाख युनिटची सुई मनाने वारंवार घेतली, तर रक्तात कॅल्शियम वाढून मूत्रपिंडे बिघडतात. नवजात बाळाची 'के' ची सुई रक्तस्राव टाळते, ती चुकवू नये.

पेप्टाइड म्हणजे अमिनो आम्लांची छोटी साखळी. इन्सुलिन त्यातलेच. तोंडावाटे घेतले तर ते पचून जाते, म्हणून टोचावे लागते. १९२२ साली टोरांटोत १४ वर्षांच्या मुलाला ते प्रथम दिले गेले. बाळंतपणानंतरचा रक्तस्राव रोखणारे ऑक्सिटोसिनही पेप्टाइडच. म्हशीला पान्हा फुटावा म्हणून ते चोरून टोचतात, हे आपल्या दुधाच्या जिल्ह्यात वेगळे सांगायला नको. वजन उतरवणाऱ्या नव्या सुया खऱ्या औषधांच्या आहेत, पण डॉक्टरांच्या चिठ्ठीवर आणि देखरेखीखाली. स्नायू फुगवण्यासाठी पार्सलने येणाऱ्या, मंजुरी नसलेल्या कुप्यांत काय भरले आहे याची हमी कोण देणार? तरुण मित्रहो, हे खास तुम्हाला.

२००९ मध्ये गुजरातेत मोडासा येथे वापरलेल्याच सुया पुन्हा वापरल्याने काविळीची साथ पसरली, अनेक जीव गेले. म्हणून पाकीट आपल्यासमोर फोडायला सांगावे आणि औषधाचे नाव विचारावे. विचारायला लाजू नये. आपल्याच जिल्ह्यात, जामखेडला, डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबेल आरोळे यांनी १९७० मध्ये काम सुरू केले आणि अक्षरओळख नसलेल्या, दलित घरांतल्याही बायांना आरोग्यसेविका केले. जुलाब झालेल्या लेकराला मीठ-साखरेचे पाणी पाजायला त्या बायांनीच गावाला शिकवले.

चुलतीचे हिमोग्लोबिन लोहाच्या गोळ्यांनी आणि पाळीवरच्या उपचाराने ११ वर आले. अजूनही थकली की ती लाल सुईची आठवण काढते, आणि आम्ही गोळ्यांची पट्टी पुढे करतो.