बापाची नाटक मंडळी सोडलेली मुलगी

 

आज लढाईची गोष्ट नाही. आज बोलायचंय एका ब्रिटिश टीव्ही अभिनेत्रीबद्दल. तिचं नाव फेलिसिटी केंडल. शशी कपूर यांच्या पत्नी जेनिफर यांची ही धाकटी बहीण.

जन्म इंग्लंडमध्ये, १९४६ साली. वडील जेफ्री आणि आई लॉरा, दोघंही नट. त्यांची 'शेक्सपिअराना' नावाची फिरती नाटक मंडळी होती. फेलिसिटी सात वर्षांची असताना हे बिऱ्हाड भारतात आलं. कधी राजवाड्यात प्रयोग, कधी शाळेच्या हॉलमध्ये. पोरीच्या सहा कॉन्व्हेंट शाळा झाल्या.

आम्हा फौजी लोकांना यात नवल नाही. पोस्टिंग आलं की ट्रंका भरायच्या. माझ्या मुलीच्या बारावीपर्यंत सात शाळा झाल्या.

१९६५ मध्ये 'शेक्सपिअर वाला' हा चित्रपट आला. दिग्दर्शक जेम्स आयव्हरी, संगीत सत्यजित राय यांचं. त्यात अशाच एका मंडळीतल्या मुलीला आईवडील स्वतःहून इंग्लंडला पाठवतात. प्रत्यक्षात उलटं होतं. फेलिसिटीलाच जायचं होतं आणि वडिलांना ते मान्य नव्हतं. तरी ती गेली.

लंडनमध्ये तिला धडपड करावी लागली. मग १९७५ मध्ये बीबीसीवर 'द गुड लाइफ' सुरू झाली. चाळिशीला आलेला नवरा नोकरी सोडतो आणि नवराबायको लंडनच्या उपनगरात परसातच भाजी, कोंबड्या, डुकरं पाळून जगू पाहतात. त्यातली बार्बरा ब्रिटनमध्ये घरोघरी लाडकी झाली. शेजाऱ्याच्या भूमिकेत पॉल एडिंग्टन होते, पुढे 'येस मिनिस्टर'मधले मंत्री. १९९५ साली टॉम स्टॉपर्ड यांच्या 'इंडियन इंक' नाटकात ती नायिका होती. २००३ पासून 'रोझमेरी अँड थाइम' ही मालिका केली. जिला वडील सोडायला तयार नव्हते, तिनं असं नाव काढलं.

१९९८ मध्ये तिचं आत्मचरित्र आलं, 'व्हाइट कार्गो'. पक्षाघातानं अंथरुणाला खिळलेल्या वडिलांच्या उशाशी बसून ती जुने दिवस आठवते. त्याच वर्षी वडील गेले.

ते पुस्तक वाचताना मी अडखळलो. माझ्या मुलीनं फौजेत यावं म्हणून एसएसबीचा फॉर्म मी स्वतः आणला होता. तिनं तो भरला नाही. मुंबईला जाऊन मालिकांचं एडिटिंग करू लागली. दोन वर्षं मी तिच्याशी धड बोललो नाही. बोलणं सगळं तिच्या आईमार्फत.

मनात आलं, ही मुलगी उशाशी येऊन बोलेल तेव्हा मला उत्तर देता येईल का?

त्या रात्री मीच फोन लावला. म्हटलं, "बेटा, तुझं काम मला दाखव." ती थोडा वेळ गप्प होती. मग म्हणाली, "बाबा, रविवारी येते. लॅपटॉप घेऊन."

एवढंच सांगायचं होतं. जय हिंद.